चढताना गोळा, उतरताना लोळागोळा

अकोले तालुक्यातल्या बारी गावातून निघालेली पायवाट कळसूबाईच्या माथ्यावर पोचते तेव्हा उंची भरते १६४६ मीटर. महाराष्ट्रात याहून उंच जागा नाही. गावापासून माथ्यापर्यंतचा चढ आठशे मीटरच्या आसपास. कड्याच्या टप्प्यांवर लोखंडी शिड्या बसवलेल्या असल्यामुळे दोर, खिळे असलं काही लागत नाही, आणि म्हणूनच आयुष्यात पहिल्यांदा डोंगर चढणारी माणसं नेमकी सर्वांत उंच डोंगरावर येतात. नवरात्रात माथ्यावरच्या देवीच्या दर्शनाला आजीबाईंपासून नातवंडांपर्यंत सगळे चढतात. पावसाळ्यात शनिवार-रविवारी मुंबई, पुणे, नाशिककडच्या गाड्यांनी बारीचा रस्ता भरून जातो. यातले बरेचजण सोमवार ते शुक्रवार खुर्चीत बसलेले असतात.

मग शिडीच्या मध्यावर कुणीतरी एकदम थांबतं, पोटरी धरतं, आणि मागची सगळी रांग खोळंबते. खालून सल्ले येतात: मीठ चाट, पाणी पी, जोरात चोळ, वात आहे, केळं खा. सल्ला देणाऱ्यांपैकी निम्मे दुसऱ्या दिवशी स्वतःच घराचा जिना कठडा धरून, आडवे होत उतरत असतात.

शिडीवर पोटरीत चढणारा गोळा, दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी ठणकणाऱ्या मांड्या आणि जोरात धावताना मांडीच्या मागे बसणारा झटका, या तिन्हींना घरात एकच नाव मिळतं: पाय दुखतोय. प्रत्यक्षात तिन्हींत स्नायूचं वेगवेगळं बिघडलेलं असतं. एकाला जो उपाय चालतो, तो दुसऱ्याचं नुकसान करू शकतो.

मिठाची जुनी कथा

पायात गोळा आला की मीठ कमी पडलं, हा समज निराधार नाही. त्यामागे शंभर वर्षांचा इतिहास आहे. १९२३ मध्ये मॉस नावाच्या संशोधकाने ब्रिटनमधल्या खोल, उष्ण कोळसा खाणींतल्या कामगारांचे पेटके अभ्यासले. हे कामगार घामाने निथळत आणि तहान भागवायला भरपूर साधं पाणी पीत. पाण्यात थोडं मीठ घातलं तेव्हा त्रास कमी झाला. पुढे १९३२ च्या उन्हाळ्यात अमेरिकेत हूव्हर धरणाच्या बांधकामावर हार्वर्ड विद्यापीठाचं संशोधन पथक गेलं. नेवाडाच्या वाळवंटातल्या मजुरांच्या रक्तातलं आणि लघवीतलं मीठ मोजल्यावर त्यांनाही तेच दिसलं. कारखाने, लष्कर आणि मैदानं, सगळीकडे मिठाच्या गोळ्या सुरू झाल्या त्या इथून.

शंका यायला मात्र बराच काळ जावा लागला. घामातून मीठ जातं ते साऱ्या शरीरातून. मग गोळा एकाच पायाच्या एकाच पोटरीत का यावा? हात, मान, पाठ यांनी काय केलं? आणि पायाची बोटं वर ओढून पोटरी ताणली की गोळा मिनिटभरात सुटतो. त्या ताणण्यातून शरीरात मिठाचा एक कणही जात नाही.

दक्षिण आफ्रिकेतल्या केपटाउनचे मार्टिन श्वेलनस यांनी हे प्रश्न धरून ठेवले. तिथे ५६ किलोमीटरची ‘टू ओशन्स’ ही मोठी शर्यत होते. ती धावून आलेल्यांपैकी गोळे आलेल्यांचं आणि न आलेल्यांचं रक्त त्यांच्या गटाने तपासलं; निष्कर्ष २००४ मध्ये प्रसिद्ध झाले. शरीरातलं पाणी आणि क्षार यांत गोळ्यांचं कारण ठरावं असा फरक दोन्ही गटांत सापडला नाही. पुढे ट्रायथलॉनपटूंच्या पाहणीत दोन गोष्टी ठळक झाल्या. गोळे येणारे लोक शर्यतीत अधिक वेगाने गेलेले होते आणि त्यांना याआधीही गोळ्यांचा त्रास झालेला होता.

पराणी आणि कासरा

श्वेलनस यांनी १९९७ मध्ये जे स्पष्टीकरण मांडलं, ते आज अनेक क्रीडावैद्य मानतात. त्यांच्या मते मूळ बिघाड चेतासंस्थेत असतो आणि स्नायू त्याची शिक्षा भोगतो.

मणक्यातून आदेश आला की स्नायू आखडतो, आदेश थांबला की सैल पडतो. किती आखडायचं हे ठरवायला दोन प्रकारचे संवेदक सतत मणक्याला खबर देत असतात. गाडीवानाच्या एका हातात पराणी आणि दुसऱ्या हातात कासरा असावा, तशी ही जोडी आहे. स्नायूच्या आतले स्पिंडल हे संवेदक पराणी टोचतात, म्हणजे आखडण्याला चेतवतात. स्नायू हाडाला जोडणाऱ्या कंडरेतले गॉल्जी संवेदक कासरा ओढतात, म्हणजे आवर घालतात. (हे दुसरे संवेदक ज्यांच्या नावाने ओळखले जातात, त्या इटलीच्या कॅमिलो गॉल्जी यांना चेतासंस्थेच्या रचनेवरच्या कामासाठी १९०६ चं नोबेल मिळालं.) स्नायू दमला की पराणीचं टोचणं वाढतं आणि कासरा ढिला पडतो. आखडण्याचा आदेश येतच राहतो आणि पोटरी हाताला टणक लागते.

यातच पोटरीवर पाळी का येते, याचंही उत्तर आहे. पोटरीचा मोठा स्नायू गुडघा आणि घोटा असे दोन सांधे ओलांडतो. मांडीच्या मागचे बहुतेक स्नायूही दोन सांध्यांवरून जातात. असे स्नायू पुष्कळदा आधीच आखूड झालेल्या अवस्थेत काम करतात, आणि आखूड स्नायूत कंडरेवर ताण कमी असल्याने कासरा आणखीच ढिला असतो. शिडीच्या गजावर फक्त चवडा टेकवून, टाच उचलून शरीर वर रेटणाऱ्या माणसाची पोटरी नेमकी अशीच असते. पोहताना पाऊल मागे ताणलेलं असतं आणि झोपेत पांघरुणाच्या वजनाने ते खाली वळतं, तेव्हाही तीच स्थिती येते.

म्हणून गोळा आला की पहिला उपाय ताणण्याचा. शिडीवर असाल तर आधी सपाट जागी यावं, बसून गुडघा सरळ ठेवावा आणि पायाची बोटं नडगीकडे हळूहळू ओढून वीस-तीस सेकंद धरावी. मांडीच्या मागे गोळा असेल तर उताणं पडून सरळ पाय दुसऱ्याकडून वर उचलून घ्यावा. मांडीच्या पुढच्या बाजूला असेल तर गुडघा मुडपून टाच मागे न्यावी. झटके देऊ नयेत. गोळा सुटला तरी तो स्नायू काही वेळ हुळहुळा राहतो. लगेच आधीच्याच वेगाने निघालं तर तो पुन्हा धरतो.

एक गंमतीदार प्रयोगही याच दिशेने बोट दाखवतो. अमेरिकेत केविन मिलर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१० मध्ये काही तरुणांना आधी घाम गाळायला लावला आणि विजेच्या सौम्य झटक्यांनी त्यांच्या पायाच्या अंगठ्याच्या स्नायूत मुद्दाम गोळा आणला. मग त्यांना काकडीच्या लोणच्याचं आंबट-खारट पाणी दिलं. गोळा सरासरी दीड मिनिटाच्या आत गेला. साधं पाणी दिलं तेव्हा सव्वादोन मिनिटं लागली. इतक्या वेळात मीठ पोटातून रक्तात उतरत नाही, आणि रक्ततपासणीतही काही बदल दिसला नाही. घशाला बसलेल्या तीव्र चवीने चेतातंतूंमार्फत मणक्याकडे जाणारा संदेश बदलला असावा, असा अर्थ संशोधकांनी लावला. रसायनशास्त्राचे नोबेल विजेते रॉडरिक मॅकिनन यांना समुद्रात कयाक वल्हवताना गोळे आले, तेव्हा त्यांनीही हाच धागा पकडून आलं, दालचिनी आणि मिरचीच्या तिखटपणावर आधारलेलं पेय तयार केलं. आपल्याकडचा तेलात मुरलेला कैरीचा खार म्हणजे ते पाणी नव्हे. डोंगरावर तो घोटभर पिण्याच्या भानगडीत कुणी पडू नये.

वानखेडेवरची दुपार आणि रात्र

उकाड्याचा काहीच संबंध नाही, असं मात्र नव्हे. ७ नोव्हेंबर २०२३ ला मुंबईच्या वानखेडे मैदानावर ग्लेन मॅक्सवेल अफगाणिस्तानविरुद्ध खेळत होता. २९२ धावांचा पाठलाग करताना ऑस्ट्रेलियाचे ७ गडी ९१ धावांत बाद झाले होते. दमट हवेत पन्नास षटकं क्षेत्ररक्षण करून आलेल्या मॅक्सवेलला पाय, पाठ सगळीकडे गोळे येऊ लागले आणि तो मैदानावर आडवा झाला. त्याच्यासाठी दुसऱ्या कुणाला पळता येत नव्हतं, कारण आंतरराष्ट्रीय क्रिकेटमधून ‘रनर’ची सवलत २०११ मध्येच गेली होती. मग त्याने पाय हलवणंच बंद केलं आणि जागेवर उभं राहून चौकार-षटकार मारत १२८ चेंडूंत नाबाद २०१ धावा केल्या. आठच दिवसांनी, १५ नोव्हेंबरला, त्याच मैदानावर विश्वचषकाच्या उपांत्य सामन्यात शुभमन गिलला ७९ धावांवर गोळ्यांमुळे तंबूत परतावं लागलं.

उकाडा आणि घाम स्नायूला लवकर दमवतात आणि दमलेल्या स्नायूत गोळा येतो. काहींच्या घामात मीठही जास्त असतं. त्यांच्या टी-शर्टवर वाळल्यावर पांढरे पट्टे दिसतात. अशांनी लांब चालीत नुसतं पाणी न पिता मीठ घातलेलं ताक, लिंबू सरबत किंवा ओआरएस घ्यावं. कळसूबाईच्या वाटेवरच्या झोपड्यांत यातल्या पहिल्या दोन गोष्टी सहज मिळतात. रक्तदाबाच्या किंवा मूत्रपिंडाच्या रुग्णाने मात्र मिठाबद्दल आधी डॉक्टरांना विचारावं.

दुसरी बाजूही आहे. तहान नसताना बाटल्याच्या बाटल्या रिचवणं धोक्याचं असतं. २००२ च्या बोस्टन मॅरेथॉनमध्ये ४८८ धावपटूंचं रक्त शर्यतीनंतर तपासलं गेलं. त्यातल्या १३ टक्क्यांच्या रक्तातलं सोडियम सामान्य पातळीच्या खाली घसरलेलं होतं, आणि त्यांतल्या अनेकांचं वजन शर्यतीत चक्क वाढलं होतं. अति पाण्याने सोडियम पातळ होतं, मेंदूला सूज येते आणि माणूस दगावूही शकतो. तहानेप्रमाणे, थोडं थोडं पीत राहणं हेच बरं.

पण मुख्य प्रतिबंध पाण्याच्या बाटलीत नाही. सवय दोन किलोमीटर सपाट चालण्याची आणि वेग पुढच्या तरुणाशी स्पर्धेचा, यातून गोळा येतो. पहिला तास बोलता येईल इतक्या संथ चालीने चढणं, गजावर चवड्याऐवजी शक्य तितकं पूर्ण पाऊल टेकवणं, दुपारच्या आत माथा गाठायला पहाटे निघणं आणि आधीचे काही आठवडे आठवड्यातून तीनदा जिने चढणं एवढं केलं तरी पुष्कळ होतं.

उताराची वसुली

चढताना छाती भरून येते आणि उतरताना बरं वाटतं. हृदय आणि फुप्फुसांना उतार खरोखरच सोपा. मांड्यांना नाही. उतारावर प्रत्येक पावलाला शरीर खाली कोसळू नये म्हणून मांडीचा पुढचा स्नायू लांबत लांबतच जोर लावतो. अशा कामात स्नायूतंतूंना सूक्ष्म इजा होते. तासाभरात काही जाणवत नाही. मग सूज आणि दाह वाढत जातो, आणि चोवीस ते बहात्तर तासांच्या दरम्यान दुखणं शिगेला पोचतं. अंग आंबून जातं ते असं. अमेरिकेतल्या थिओडोर हफ यांनी १९०२ मध्येच या उशिरा येणाऱ्या दुखण्याचा संबंध स्नायूतल्या इजेशी जोडला होता.

तरीही याचा दोष अजून लॅक्टिक आम्लावर टाकला जातो. व्यायाम थांबल्यावर रक्तातलं वाढलेलं लॅक्टेट तासाभरात मूळ पातळीला येतं. दोन दिवसांनी दुखणाऱ्या मांडीशी त्याचा संबंध लावता येत नाही. आधी किंवा नंतर स्नायू ताणल्याने हे दुखणं फारसं कमी होत नाही, असं अनेक प्रयोगांच्या एकत्रित आढाव्यात दिसलं आहे. गोळ्यावरचा हुकमी उपाय इथे लटका पडतो. हलकं चालणं, झोप, पुरेसं जेवण आणि तीन-चार दिवसांचा धीर यांवर ते आपोआप उतरतं. पुरेसं पाणी प्यायलेलं नसताना वेदनाशामक गोळ्या घेणं मूत्रपिंडांना महागात पडू शकतं.

या दुखण्यावर लस म्हणावी असा एक गुण शरीरात आहे. उताराचा एक दमदार अनुभव मिळाला की तोच स्नायू पुढचे काही आठवडे तशाच कामाला कमी दुखतो. त्यामुळे कळसूबाईला जाण्याच्या दोन-तीन आठवडे आधी एखादी लहान टेकडी चढून, आणि मुख्य म्हणजे सावकाश उतरून, आलेलं चांगलं. एक इशारा मात्र कधीच दुर्लक्षित करू नये. मांड्या टम्म सुजल्या, जोर जाऊ लागला आणि लघवी काळ्या चहाच्या रंगाची झाली तर स्नायू मोठ्या प्रमाणावर फुटून त्यातली द्रव्यं मूत्रपिंडात अडकत असतात. अशा वेळी त्याच दिवशी रुग्णालय गाठावं.

नगरचे दोघे आणि एक स्नायू

तिसऱ्या दुखण्याची, म्हणजे धावताना बसणाऱ्या झटक्याची, दोन प्रसिद्ध उदाहरणं कळसूबाईच्याच नगर (आता अहिल्यानगर) जिल्ह्यातली आहेत. श्रीरामपूरला जन्मलेला झहीर खान २१ जुलै २०११ ला लॉर्ड्सवर गोलंदाजी करत होता. कसोटी क्रिकेटचा तो दोन हजारावा सामना. स्ट्राउस आणि कुक हे इंग्लंडचे दोन्ही सलामीवीर त्याने बाद केले होते, १३.३ षटकांत फक्त १८ धावा दिल्या होत्या. तेवढ्यात उजव्या मांडीच्या मागचा स्नायू, म्हणजे हॅमस्ट्रिंग, दुखावला आणि तो लंगडत बाहेर गेला. भारताकडे गोलंदाज इतके कमी उरले की धोनीने पॅड काढून स्वतः चेंडू टाकले आणि यष्ट्यांमागे राहुल द्रविड उभा राहिला. झहीर त्या मालिकेत पुन्हा खेळला नाही. भारत चारही कसोटी हरला. संगमनेर तालुक्यातल्या आश्वी खुर्दचा अजिंक्य रहाणे २०२१ मध्ये कानपूर कसोटीत क्षेत्ररक्षण करताना याच स्नायूच्या दुखापतीने अडला आणि मुंबईच्या पुढच्या कसोटीला मुकला.

धावताना पाय पुढे फेकला जातो, आणि टाच टेकण्याच्या जरा आधी हॅमस्ट्रिंग लांबत असतानाच नडगीला आवर घालतो. वेग जास्त असेल तर याच क्षणी तंतू तुटतात. गोळ्यात स्नायू टणक होतो आणि ताणल्याने सुटतो. तंतू तुटले असतील तर मागून कुणी दगड मारल्यासारखं वाटतं, ताणल्यावर वेदना वाढते आणि दोन-तीन दिवसांत त्वचा निळी-काळी पडते. अशा मांडीला गोळा समजून जोरात चोळलं आणि ताणलं तर तुटलेलं आणखी तुटतं. सुरुवातीला विश्रांती आणि बांधणं, मग फिजिओथेरपिस्टच्या देखरेखीखाली हळूहळू भार, असा याचा क्रम आहे. ही दुखापत टाळायला गुडघ्यांवर बसून, घोटे दुसऱ्याकडून धरून घेऊन, पुढे सावकाश झुकण्याचा ‘नॉर्डिक’ व्यायाम करतात. तो नियमित करणाऱ्या संघांत हॅमस्ट्रिंगच्या दुखापती सुमारे निम्म्याने घटलेल्या आढळल्या आहेत.

भरतीची धाव, उतारवयाची चाल

या तिन्हींखेरीज पायाची आणखी दोन दुखणी ओळखायला हवीत. पोलीस भरतीच्या मैदानी चाचणीत मुलांना १६०० मीटर आणि मुलींना ८०० मीटर धावावं लागतं. जाहिरात निघाली की गावोगावच्या डांबरी रस्त्यांवर पहाटे पावलं वाजू लागतात, आणि महिन्याभरात नडगीच्या आतल्या कडेला दुखू लागतं. अचानक वाढवलेलं अंतर, झिजलेले बूट आणि कडक रस्ता यांचा तो हिशेब असतो. नडगीभर पसरलेलं दुखणं अंतर कमी केल्यावर बरं होतं. बोटाच्या टोकाएवढ्या एकाच जागी हाड दुखत असेल, रात्रीही ठणकत असेल, तर हाडाला केसाएवढी चीर गेलेली असू शकते. प्रशियाच्या लष्करी डॉक्टर ब्राइटहाउप्ट यांनी १८५५ मध्ये कवायत करणाऱ्या सैनिकांच्या पावलांत हे पहिल्यांदा नोंदवलं. मेकॅनाइज्ड इन्फन्ट्रीचं प्रशिक्षण केंद्र असलेल्या नगर शहराला अशी दुखणी अनोळखी असण्याचं कारण नाही. धावणं थांबवून तपासणी करणं हाच यावर मार्ग आहे. सहा-आठ आठवडे वाया जातात, पण चीर वाढून हाड मोडलं तर भरतीचा अख्खा हंगाम जातो.

पन्नाशी-साठी ओलांडलेल्यांच्या पोटरीचं दुखणं यांहून निराळं असू शकतं. विशेषतः वर्षानुवर्षं विडी-सिगारेट ओढणाऱ्यांत आणि मधुमेहींत. दोनशे-तीनशे पावलं चाललं की पोटरी भरून येते, उभं राहिलं की दोन-चार मिनिटांत थांबते, पुन्हा तेवढ्याच अंतरावर धरते. पायाकडे रक्त नेणाऱ्या धमन्या अरुंद झाल्याची ती खूण असते, आणि तेच रोगट बदल हृदयाच्या धमन्यांतही चालू असण्याची शक्यता मोठी असते. डॉक्टर घोट्याचा आणि दंडाचा रक्तदाब मोजून त्यांची तुलना करतात. घोट्याचा दाब दंडाच्या ०.९ पट किंवा त्याहून कमी भरला तर निदान जवळजवळ पक्कं होतं. उपचारात तंबाखू बंद होते, साखर आणि कोलेस्टेरॉलची औषधं सुरू होतात आणि चालणंही लिहून दिलं जातं: बऱ्यापैकी दुखेपर्यंत चालायचं, थांबायचं, दुखणं ओसरलं की पुन्हा निघायचं, असं अर्धा-पाऊण तास, आठवड्यातून तीनदा, किमान बारा आठवडे. बारा आठवड्यांनंतर हे रुग्ण सहसा न थांबता पूर्वीपेक्षा बरंच लांब चालू शकतात.